२६ हजारांची टायमिंग चेन की १२,६०० रुपयांचा हप्ता?

प्रश्न : मी तासगावला राहते, सांगलीत अनुदानित शाळेत शिक्षिका आहे. येऊन-जाऊन रोज ५० किलोमीटर गाडी चालते. डिझेल डिझायर, २०१४ ची, १ लाख ७२ हजार किलोमीटर झालेत. मध्यंतरी एक-दोन सर्व्हिसिंग लांबल्या होत्या. महिनाभरापासून सकाळी पहिल्यांदा स्टार्ट केली की दोन-तीन सेकंद साखळी घासल्यासारखी खडखड होते, मग थांबते. मेकॅनिक म्हणतो टायमिंग चेन गेली. पूर्ण किट मजुरीसह २६ हजार, नुसती चेन टाकली तर १५ हजार, आणि तुटली तर हेडचं काम ७०-८० हजारांचं. मिस्टरांची तीन एकर द्राक्षबाग आहे, बेदाणा कोल्ड स्टोरेजला आहे. ते म्हणतात दिवाळीच्या सौद्यात माल गेला की बघू. भाऊ म्हणतो, त्याच्या गाडीसारखं हेही ठरलेल्या किलोमीटरला बदलावंच लागतं, जुन्या गाडीत पैसे घालू नकोस, दसऱ्याला नवी पेट्रोल गाडी घे. त्याने पाच हजार टोकनही देऊन टाकलंय. नवी ऑन रोड ८ लाख ४० हजार, जुनीचे १ लाख ९० हजार देतायत. पगार हातात ५८ हजार, घराचा हप्ता १४ हजार. बचत खात्यात ६० हजार, पतसंस्थेत ८० हजारांची ठेव, ती डिसेंबरला सुटते. मुलगी बारावीला आहे, इंजिनिअरिंगला घालायचंय. काय करू? विम्यातून काही मिळेल का?

ताई, विम्याचं आधी सांगतो, कारण ते एका वाक्यात संपतं : मिळणार नाही. झीज आणि यांत्रिक बिघाड मोटार विम्यात धरत नाहीत. इंजिन प्रोटेक्टचं जादा कव्हर घेतलेलं असलं तरी ते पाणी शिरणं, ऑइल गळणं अशा नुकसानीसाठी असतं, झिजलेल्या चेनसाठी नाही.

आता तुमच्या घरातली तीन मतं. त्यातलं मिस्टरांचं मत मला सगळ्यात महागडं वाटतं, वरकरणी त्यात आज एक रुपयाही जात नसला तरी. बागेत पानावर डाऊनी रोग दिसल्यावर ‘बेदाणा विकला की फवारू’ असं ते म्हणतील का? चेनचंही तसंच आहे, ती सौद्याची तारीख बघून थांबत नाही.

इंजिनमध्ये पिस्टनमुळे फिरणारा खालचा क्रँकशाफ्ट आणि व्हॉल्व्ह उघडणारा वरचा कॅमशाफ्ट यांचा मेळ ही साखळी ठेवते. क्रँकचे दोन फेरे होतात तेव्हा कॅमचा एक व्हायला हवा, आणि तोही नेमक्या वेळी. वर्षानुवर्षं साखळीच्या पिना आणि बुश झिजतात, एकेका कडीत केसाएवढा ढिलेपणा येतो आणि सगळा मिळून साखळी लांबते. हा ढिलेपणा टेन्शनर ओढून धरतो, आणि टेन्शनर चालतो ऑइलच्या दाबावर. रात्रभर गाडी उभी राहिली की ऑइल खाली उतरतं. सकाळी दाब तयार होईपर्यंत साखळी प्लॅस्टिकच्या गाइडवर आपटते. तुमची दोन-तीन सेकंदांची खडखड बहुधा हीच. डिझेल इंजिनच्या ऑइलमध्ये काजळी उतरते, त्या काळ्या ऑइलमध्ये साखळी जास्त झिजते, म्हणून लांबलेल्या सर्व्हिसिंगचा हिशोब आज पुढे आलाय. साखळी एखादा दात सुटून पुढे सरकली तर पिस्टन व्हॉल्व्हवर आदळतो, रॉकर तुटतात, व्हॉल्व्ह वाकतात. मेकॅनिकने सांगितलेलं हेडचं काम ते हेच. आणि ते तुमच्या अंगणात होईल असं नाही, कवठेएकंदच्या पुढे शाळेच्या वेळेलाही होऊ शकतं. टोइंग वेगळं.

भावाच्या मतात एक गल्लत आहे. त्यांची गाडी कुठली ते तुम्ही लिहिलेलं नाही, पण डिझेल डस्टरसारख्या गाड्यांना टायमिंग बेल्ट असतो आणि तो ठरलेल्या किलोमीटरला किंवा ठरलेल्या वर्षांनी बदलावाच लागतो. तुमच्या १२४८ सीसीच्या इंजिनाला चेन आहे. तिला तशी ठरलेली मुदत नसते; नीट ऑइल मिळालं तर ती दोन लाखांच्या पुढेही जाते, नाही मिळालं तर सव्वा लाखातच वाजायला लागते. त्यामुळे नुसतं ‘१ लाख ७२ हजार झाले, बदला’ हेही बरोबर नाही. लक्षण बघायचं, तपासायचं, मग बदलायचं.

म्हणून २६ हजारांच्या आधी तीन-चार हजार खर्च करा. कंपनीच्या पुस्तिकेत दिलेल्या ग्रेडचं ऑइल आणि ओरिजनल फिल्टर टाका. हलका फिल्टर ऑइल धरून ठेवत नाही, तेव्हाही सकाळी असाच आवाज येतो. मग दुसऱ्या, ज्याला हे काम मिळणार नाही अशा गॅरेजमध्ये स्कॅनर लावून घ्या. कॅम आणि क्रँकचा मेळ बसत नसेल तर पी००१६ हा कोड दिसू शकतो. कोड नाही म्हणून चेन चांगली, असं मात्र नाही. चेन कव्हरला स्टेथोस्कोप लावून आवाज नक्की तिथूनच येतो ना, हे अनुभवी मिस्त्री सांगतो. कधी अल्टरनेटर फिरवणाऱ्या बाहेरच्या बेल्टचा टेन्शनर किंवा अल्टरनेटरची पुली वाजत असते आणि बिल चेनचं होतं. क्लच दाबल्यावर आवाज बदलला तर तो क्लचच्या बेअरिंगचा. सगळ्यात महत्त्वाची कॉम्प्रेशन टेस्ट, म्हणजे प्रत्येक सिलिंडरमध्ये हवेचा दाब नीट तयार होतो का याची तपासणी; ती का ते पुढे येईल. आणि आवाज इंजिन गरम झाल्यावरही राहायला लागला किंवा चेक इंजिनचा दिवा लागून गाडी ओढेनाशी झाली, तर चालवत गॅरेजला नेऊ नका, टो करून न्या.

चेनच निघाली तर किट पूर्ण घ्या : चेन, टेन्शनर, गाइड, स्प्रॉकेट (साखळीची दातेरी चाकं), सील. १५ हजारांत नुसती चेन म्हणजे ११ हजार वाचले असं दिसतं, पण ऑइल चेंबर आणि पुढचं कव्हर उतरवायची मजुरी दोन्हीकडे तीच. झिजलेल्या स्प्रॉकेटवर नवी साखळी घातली की ती लवकर खराब होते आणि जुना टेन्शनर पुन्हा वाजतो. मग तीच मजुरी दुसऱ्यांदा. ओरिजनल पार्टचं जीएसटी बिल, टायमिंग लॉक करायचं टूल गॅरेजमध्ये आहे ना याची खात्री, आणि काढलेले जुने पार्ट डोळ्यांनी बघणं, एवढं करा. कामाची वॉरंटी बिलावर लिहून घ्या. गाडी आत असेल तेवढे दिवस एसटी आहेच, महिलांना अर्धं तिकीट आहे.

आता पैशाची खरी तुलना. ‘१ लाख ९० हजारांच्या गाडीत २६ हजार कशाला घालायचे’ हा प्रश्न ऐकायला शहाणा वाटतो, पण तो चुकीच्या दोन आकड्यांना शेजारी बसवतो. किट टाकल्यावर गाडीची किंमत २६ हजारांनी वाढणार नाही, हे उघड आहे. ते पैसे विकताना मिळत नाहीत, वापरताना वसूल होतात. तेव्हा २६ हजारांची तुलना करायची ती त्यांच्याऐवजी जे येणार आहे त्याच्याशी.

जे येणार आहे ते असं. ८ लाख ४० हजारांतून जुनीचे १ लाख ९० हजार आणि तुमच्या बचतीतले ५० हजार वजा केले की ६ लाखांचं कर्ज उरतं. साडेनऊ टक्क्यांनी पाच वर्षांसाठी हप्ता बसतो साधारण १२,६०० रुपये, एकूण व्याज १ लाख ५६ हजार. म्हणजे पूर्ण टायमिंग किट हे दोन हप्त्यांपेक्षा थोडंसंच जास्त. हप्त्यातलं मुद्दल गाडीच्या रूपाने हातात राहतं, हे मान्य. पाच वर्षांनी ती गाडी चार लाखांना जाईल असं धरू. तरी घसरलेली किंमत आणि व्याज मिळून सहा लाखांच्या आसपास, म्हणजे वर्षाला जवळपास १ लाख २० हजार. जुनी गाडी पाच वर्षांत १ लाख ९० हजारांवरून ५० हजारांवर आली तरी वर्षाला २८ हजार. शिवाय डिझेलवरून पेट्रोलवर जायचंय. वर्षाला १५ हजार किलोमीटर, डिझेल ९१ रुपये आणि २० चं ॲव्हरेज, पेट्रोल १०५ आणि १७ चं ॲव्हरेज असं धरलं तर इंधनाचा फरकच वर्षाला सुमारे २४ हजार येतो. दरवर्षी जवळपास एक टायमिंग किट पंपावर.

हे सगळं जोडलं की जुन्या गाडीच्या दुरुस्तीवर तुम्ही वर्षाला लाखभर रुपये, आणि तेही दरवर्षी, घालायला लागलात तरच नवी परवडते. २६ हजारांचं किट आणि १८ हजारांचे टायर एकाच वर्षी आले तरी ४४ होतात.

पण मला हप्त्याच्या आकड्यापेक्षा त्याच्या वेळेची काळजी जास्त आहे. घराचा १४ आणि गाडीचा १२,६०० मिळून २६,६०० रुपये, म्हणजे पगाराचा ४६ टक्के. बागेचं उत्पन्न वर्षातून एकदा येतं आणि ऑक्टोबर छाटणीपासून जानेवारीपर्यंत पैसा फक्त बाहेर जातो; त्या काळात घर तुमच्या पगारावर चालतं. त्यात पुढच्या पावसाळ्यात मुलीचं ॲडमिशन. सांगलीच्या वालचंद कॉलेजला नंबर लागला तर घरून जाता येईल, पुण्याला लागला तर होस्टेल आलं. शैक्षणिक कर्ज लागलं तर तुम्ही सहकर्जदार असाल आणि बँक तुमचे चालू हप्ते मोजेल. पाच वर्षांचं गाडीचं कर्ज मुलीच्या इंजिनिअरिंगची चारही वर्षं व्यापून उरतं.

२२ सप्टेंबर २०२५ पासून लहान गाड्यांवरचा जीएसटी १८ टक्क्यांवर आला, त्यामुळे ‘आता घेतली नाही तर संधी गेली’ असं शोरूमवाले म्हणतील. दर उतरला तो दसऱ्यापुरता नाही. उलट नवी गाडी स्वस्त झाल्यावर जुनीला कोणी जास्त देत नाही, म्हणून तुमची १ लाख ९० हजारांची ऑफर मला फार चांगलीही वाटत नाही आणि फार वाईटही. दहा वर्षांनी डिझेल गाडी बंद होते ही भीती कोणी घातली असेल तर ती काढून टाका, तो नियम दिल्ली परिसराचा. तुमचं रजिस्ट्रेशन २०२९ पर्यंत आहे. पुढे फिटनेस आणि पर्यावरण कर भरून पाच वर्षांचं नूतनीकरण होतं.

माझं मत मात्र एका ठिकाणी उलटेल : कॉम्प्रेशन टेस्टमध्ये. एखाद्या सिलिंडरचं कॉम्प्रेशन पडलेलं असेल, ऑइलचं झाकण उघडल्यावर धूर भकाभका येत असेल, टर्बोचा शाफ्ट ढिला झालेला असेल किंवा खालून पत्रा गंजलेला असेल, तर त्या इंजिनात किट घालू नका. आहे त्या स्थितीत, घेणाऱ्याला आवाजाबद्दल सांगून, विकून टाका. तेव्हाही ८ लाख ४० हजारांचीच गाडी हवी असं नाही. चार लाखांच्या आतली, सर्व्हिसचे सगळे कागद असलेली पेट्रोल किंवा सीएनजी गाडी बघा आणि कर्ज दोन-सव्वादोन लाखांत, तीन वर्षांत बसवा. आणखी सहा महिन्यांत गाडी बदलायचीच असं तुम्ही मनाशी ठरवलं असेल, तरीही किट टाकू नका. किमान दोन वर्षं वापरणार असाल तरच टाका. तेव्हा ते महिन्याला अकराशेच्या आत बसतं.

पैसे बचत खात्यातून द्या, बेदाण्यावर तारण कर्ज वगैरे काढू नका. ६० चे ३४ हजार उरतील, ते डिसेंबरपर्यंत चालवून घ्या. पतसंस्थेची ठेव सुटली की पुन्हा तिथे ठेवू नका, बँकेत आणा. टक्काभर व्याज जास्त असलं तरी पतसंस्थेतल्या ठेवींना पाच लाखांपर्यंतचं ठेव विम्याचं संरक्षण नाही, ते बँकांना आहे, सहकारी बँकाही त्यात आल्या. आणि हा तुमचा अडीनडीचा पैसा आहे.

१२,६०० भरायची तयारी होतीच, तर त्यातले सात हजार दरमहा आरडीत टाका. साडेसहा टक्क्यांनी तीन वर्षांत पावणेतीन लाखांच्या आसपास जमतील, म्हणजे पुढची गाडी घेताना कर्ज तेवढं कमी. मुलीच्या फीच्या महिन्यात आरडी थांबवली तर थोडासा दंड बसतो. गाडीचा हप्ता थांबवला तर सिबिल बिघडतं, नेमकं शैक्षणिक कर्ज मागायच्या वेळी.

राहिलं भावाने दिलेलं टोकन. पावतीवर रद्द करण्याच्या अटी छापलेल्या असतात, त्या वाचा आणि गाडी तुमच्या नावावर लावण्याआधी बुकिंग रद्द करत असल्याचं ईमेलने कळवा. फोनवर ‘बघतो मॅडम’ म्हणतात, ते धरून बसू नका. मात्र हे कॉम्प्रेशनचा रिपोर्ट हातात आल्यावर करा. टेस्टला अर्धा दिवस लागतो, त्यासाठी शनिवारची शाळा सुटल्यावर गाडी नेलीत तरी चालेल. पाच हजार परत मिळाले नाहीत तरी ते सोडून द्या, त्यांच्यासाठी सहा लाखांचं कर्ज घेऊ नका.