हेड कोच जाणार हे जाहीर झालं की कॉलेज फुटबॉल संघाचा उरलेला हंगाम कसा जातो?

तुमचा मुलगा अमेरिकेत ज्या युनिव्हर्सिटीत शिकतो, तिथल्या फुटबॉल संघाचा (अमेरिकन फुटबॉल, आपला नव्हे) हेड कोच हंगामाअखेर जाणार आहे. उरलेल्या सामन्यांत संघ ढेपाळेल की कोचसाठी पेटून खेळेल, असं तुम्ही विचारलंय. त्याआधी एक गोष्ट शोधून काढा: प्ले (प्रत्येक वेळची ठरवलेली चाल) कोण कॉल करतं, म्हणजे निवडून सांगतं, आणि तो माणूस शेवटपर्यंत राहणार आहे का? माझ्या मते अर्धं उत्तर तिथेच मिळतं.

याचं कारण घड्याळात आहे. एक प्ले संपला की पुढचा सुरू करायला 40 सेकंद मिळतात. 2024 पासून वरच्या स्तरावर एका खेळाडूच्या हेल्मेटमध्ये, ऑफेन्सच्या (चढाईच्या) वेळी बहुतेक क्वार्टरबॅकच्या (चढाई चालवणाऱ्या, पास फेकणाऱ्या खेळाडूच्या), रेडिओ असतो. घड्याळात 15 सेकंद उरले की तो बंद होतो. म्हणजे प्ले ठरवून क्वार्टरबॅकच्या कानात पोचवायला जेमतेम 25 सेकंद. रोजचा माणूस हे काम सवयीने करतो. नवा माणूस दोन-तीन सेकंद जास्त घेतो, मग क्वार्टरबॅकला समोरचा डिफेन्स (बचाव फळी) नीट पाहायला वेळच उरत नाही. यातूनच 5 यार्डांची डिले ऑफ गेम (उशीर केल्याची) पेनल्टी बसते, नाहीतर टाइमआउट वाया जातो. पहिल्या क्वार्टरमध्येच दोन टाइमआउट असे गेले, तर धावफलक काहीही सांगो, साइडलाइनवर गोंधळ आहे हे नक्की समजा. शिवाय हंगामी (तात्पुरता) हेड कोच बहुधा एखादा कोऑर्डिनेटरच (ऑफेन्स किंवा डिफेन्स सांभाळणारा कोच) असतो. स्वतःचं युनिट सांभाळून फोर्थ डाउनला (चौथ्या, शेवटच्या प्रयत्नाला) खेळायचं की पंट करायचा (चेंडू लाथेने लांब मारून समोरच्यांना द्यायचा), हेही त्यालाच ठरवावं लागतं.

कोच निवृत्त होतोय, त्याला काढलंय की तो दुसरीकडे चाललाय, यानेही चित्र पार बदलतं. निवृत्तीचं सर्वांत चांगलं उदाहरण व्हर्जिनिया टेकचा 2015 चा हंगाम. फ्रँक बीमर तिथे 1987 पासून हेड कोच होते. 1 नोव्हेंबरला त्यांनी निवृत्ती जाहीर केली, तेव्हा संघ 4-5 (4 विजय, 5 पराभव) होता. नियमित हंगाम 12 सामन्यांचा आणि बाउलसाठी (हंगामानंतरच्या मानाच्या सामन्यासाठी) साधारण 6 विजय लागतात, म्हणजे उरलेल्या तिनांतले दोन जिंकणं भाग होतं. जॉर्जिया टेकला 23-21 हरवलं. मग घरच्या लेन स्टेडियमवरचा बीमरांचा शेवटचा सामना, नॉर्थ कॅरोलायनाविरुद्ध. भावनेवर सामने जिंकता येत असते तर हा नक्की जिंकला असता. 14 गुणांची पिछाडी शेवटच्या काही मिनिटांत भरून काढली, तरी ओव्हरटाइममध्ये 30-27 असा गेलाच. पुढच्या आठवड्यात व्हर्जिनियाला 23-20 हरवून 6-6 झाले आणि सलग 23 व्या वर्षी बाउल मिळाला. तिथे टुल्साविरुद्ध 55-52 असा विजय आणि हंगाम 7-6.

याला कोचसाठी पेटून खेळणं म्हणायचा मोह होतो. पण दोन साध्या गोष्टी विसरू नका. पहिल्याच सामन्यात कॉलरबोन मोडलेला क्वार्टरबॅक मायकल ब्रुअर ऑक्टोबरच्या शेवटी परतला होता, आणि डिफेन्स शेवटपर्यंत कोऑर्डिनेटर बड फॉस्टर यांच्याच हातात होता. नवे कोच जस्टिन फ्युएंटे यांनीही त्यांना ठेवून घेतलं. म्हणजे गेलेला माणूस एक होता, यंत्रणा जागेवरच होती.

उलट उदाहरण 2009 च्या सिनसिनाटीचं. 12-0 असताना, 10 डिसेंबरला हेड कोच ब्रायन केली नोटर डेम युनिव्हर्सिटीकडे गेले. शुगर बाउलमध्ये फ्लोरिडाने 51-24 असं धुतलं. त्यांचा क्वार्टरबॅक टिम टीबोने 35 पैकी 31 पास पूर्ण करून 482 यार्ड मिळवले. केली मुळात ऑफेन्सचे, पडझड मात्र डिफेन्सची झाली, तेव्हा सगळं खापर त्यांच्या जाण्यावर फोडू नये. गंमत म्हणजे फ्लोरिडाचे हेड कोच अर्बन मायर यांनीही 26 डिसेंबरला पद सोडणार असं जाहीर केलं होतं आणि दुसऱ्याच दिवशी ते बदलून फक्त रजा घेणार असं सांगितलं. पण सामन्याला ते साइडलाइनवर हजर होते.

आज 2015 सारखा शांत निरोप कठीण झालाय. तेव्हा शाळकरी खेळाडू युनिव्हर्सिटीत यायच्या करारावर फेब्रुवारीत सही करायचे. आता बहुतेक जण डिसेंबरच्या पहिल्या बुधवारी सुरू होणाऱ्या मुदतीत करतात, म्हणून कोचच्या हालचाली नोव्हेंबरच्या शेवटच्या आठवड्यात एकदम उसळतात. लेन किफिन 30 नोव्हेंबर 2025 ला 11-1 असलेला ओल मिस (मिसिसिपी युनिव्हर्सिटी) सोडून हेड कोच म्हणून एलएसयूला (लुइझियाना स्टेट युनिव्हर्सिटी) गेले, तेव्हा सह्यांना तीनच दिवस उरले होते. ओल मिसने त्यांना प्लेऑफमध्ये (राष्ट्रीय विजेतेपदाच्या बाद फेरीत) कोचिंग करू दिलं नाही. डिफेन्स कोऑर्डिनेटर पीट गोल्डिंग यांना हंगामी नव्हे, थेट कायम हेड कोच केलं. ऑफेन्स कोऑर्डिनेटर चार्ली वाइस ज्युनियर एलएसयूलाच जाणार होते, तरी त्यांना प्लेऑफपुरतं परत येऊ दिलं. संघाने टुलेनला 41-10 आणि शुगर बाउलमध्ये जॉर्जियाला 39-34 हरवलं. इथेही दोन्ही कोऑर्डिनेटर जागेवर होते, हे पाहा.

आता ट्रान्सफर पोर्टलचं, म्हणजे दुसऱ्या युनिव्हर्सिटीत जाऊ इच्छिणारे खेळाडू जिथे नाव नोंदवतात त्याचं. मुख्य खिडकी आता जानेवारीत एकदाच उघडते, 2026 मध्ये ती 2 ते 16 जानेवारी होती. हेड कोच बदलला तर त्या संघाच्या खेळाडूंना वेगळे 15 दिवस मिळतात, नवा कोच ठरल्यानंतर पाच दिवसांनी सुरू होणारे. त्यामुळे नवं नाव जाहीर व्हायच्या आधी "सगळे पळून चाललेत" अशा बातम्या आल्या, तर फारशा मनावर घेऊ नका. त्याऐवजी रेडशर्ट (खेळायला मिळणाऱ्या ठरावीक वर्षांतलं एक वाचवण्याची सोय) पाहा. चार किंवा कमी सामने खेळलेला खेळाडू ते वर्ष राखून ठेवू शकतो. चौथ्या सामन्यानंतर धडधाकट खेळाडू अचानक बाहेर बसला, तर तो बहुधा पुढच्या वर्षाचा विचार करतोय. एकाच युनिटमधले तीन-चार जण असे बसले, तर त्या युनिटकडून उरलेल्या हंगामात फार अपेक्षा ठेवू नका.