एकाच झाडाच्या सगळ्या फांद्या

प्रश्न : मॉरिशसजवळच्या रॉड्रिग्ज बेटावर ‘काफे मारों’ नावाचं एकच झुडूप उरलं होतं, असं ऐकलं. मोगऱ्यासारखी त्याची छाट कलमं लावली असती, तर काम झालं नसतं का?
– एक वाचक, सातारा

उत्तर : कलमं लावली होती, आणि ती जगलीही. तरीही काम झालं नव्हतं.

हे झुडूप कॉफीच्या, म्हणजे आपल्या कदंब-गेळ्याच्याच कुळातलं. ते नामशेष झालं असं सगळे धरून चालले होते. १९८०च्या सुमारास शिक्षकांनी मुलांना आसपासची झाडं शोधायला पाठवलं आणि एका मुलाने आणलेली फांदी नेमकी याची निघाली. बातमी फुटताच औषध म्हणून लोक त्याच्या फांद्या तोडू लागले. शेवटी कुंपण घालावं लागलं.

१९८६मध्ये लंडनच्या क्यू उद्यानात त्याच्या फांद्या गेल्या. मुळं फुटली, पांढरी चांदणीसारखी फुलं आली, पण फळ धरेना. आणि कलमाचं दुखणं हेच, की शंभर कुंड्या भरल्या तरी झाड ते एकच. एक रोग त्यातल्या एकाला मारू शकला, तर बाकीच्यांनाही तोच मारणार. मोगऱ्याचं ठीक आहे, त्याला माळी आहेत. रानातल्या झाडाला बी हवंच.

परागकण कुक्षीवर, म्हणजे फुलातल्या परागकण झेलणाऱ्या टोकावर, टाकले तरी पुढे सरकत नव्हते. २००३मध्ये क्यूचे कार्लोस माग्दालेना यांनी पात्याने कुक्षीच छाटली आणि उरलेल्या कुक्षिवृंताच्या, म्हणजे कुक्षीखालच्या देठाच्या, कापलेल्या टोकावर परागकण ठेवले. फळ धरलं! ही गोष्ट मी कितीदा वाचली असेल, तरी या जागी थांबतेच. माणसाने झाडाच्या अडचणीकडे इतक्या जवळून पाहिलं, याचं मला फार मोल वाटतं.

त्या बियांची रोपं पाहा : पानं लांब, अरुंद, तपकिरी, मोठ्या झाडाच्या हिरव्या पानांशी काही मेळ नसलेली. बेटावर पूर्वी असलेल्या महाकाय कासवांना चकवण्यासाठी ती तशी असावीत, असा तज्ज्ञांचा कयास आहे. कासवं केव्हाच संपली. रोपांनी वेश बदलायचं सोडलेलं नाही.

बीही त्या एकाच झाडाचं, त्यामुळे वैविध्य थोडंच. पण गुणांची थोडी तरी फेरजुळणी बीमध्ये होते, कलमात तीही नाही. आता त्या बियांची रोपं रॉड्रिग्जला परत गेली आहेत.