भरल्या मिरचीला पाणी का सुटते?

प्रश्न : मुलगा सुट्टीत घरी आला की त्याला मेक्सिकन काहीतरी हवे असते आणि सासऱ्यांना मालवणी मसाल्याखेरीज चव लागत नाही. म्हणून मी ढोबळ्या मिरच्यांत राजमा, मक्याचे दाणे, चीज आणि मालवणी मसाला भरून त्या तव्यावर झाकण ठेवून शिजवल्या. मिरच्यांना पाणी सुटले, मसाला कच्चट लागला आणि चीज वितळून सगळे तेलकट झाले. सासऱ्यांना मधुमेह आहे, त्यामुळे पदार्थ पौष्टिकही हवा. नेमके काय चुकले? (वेंगुर्ल्याहून एक वाचक)

उत्तर : आपण दोन्हीकडच्या चवी सारणातच एकत्र केल्या, तिथेच घोटाळा झाला असे मला वाटते. मेक्सिकोकडून मिरची हाताळण्याची रीत घ्यावी आणि सारण घरचेच ठेवावे. तिकडे ‘चिलेस रेयेनोस’ नावाच्या भरल्या मिरच्या करतात. त्यासाठी पोब्लानो ही मोठी, बेताची तिखट मिरची आचेवर साल काळी पडेपर्यंत भाजतात, थोडा वेळ झाकून वाफेत ठेवतात आणि साल काढून मग भरतात. पुढे अंड्याच्या मिश्रणात घोळवून तळतात, ती पायरी आपण खुशाल गाळावी. भरताचे वांगे भाजणाऱ्याला यात नवे काहीच शिकायचे नाही.

ढोबळ्या मिरचीत ९० टक्क्यांहून अधिक पाणीच असते. सारणातले मीठ ते बाहेर ओढते आणि झाकणाखाली कोंडलेली वाफ पुन्हा तव्यातच उतरते. मिरची आधी भाजली की काही पाणी आटते, ती मऊही होते आणि भरल्यावर तिला तव्यावर फार वेळ ठेवावे लागत नाही. शक्य असल्यास ढोबळीऐवजी भावनगरी मिरची घ्यावी, कारण ती पोब्लानोसारखीच बेताची तिखट असते.

राजम्याऐवजी मी चवळी सुचवेन. भात कापल्यावर जमिनीत उरलेल्या ओलीवर आपल्याकडे ती पिकते, राजम्यापेक्षा लवकर शिजते आणि तिच्यात प्रथिने व तंतू भरपूर असतात. (राजमाच हवा असेल तर रात्रभर भिजवून पूर्ण शिजवावा, अर्धकच्चा राजमा पोटाला खरोखरच बाधतो.) आठ मिरच्यांना अर्धी वाटी चवळी भिजवून, शिजवून, पाणी पूर्ण निथळून जाडसर ठेचून घ्यावी. मक्याचे दाणे मूठभरच असावेत.

मालवणी मसाला भाजूनच कुटलेला असला, तरी ओल्या सारणावर वरून भुरभुरला की कच्चट लागतो, कारण त्याचा रंग आणि वास तेलात खुलतो. दोन चमचे तेलात जिरे, लसूण आणि बारीक चिरलेला कांदा परतून, आच मंद करून दीड चमचा मसाला घालावा आणि तो करपण्याआधीच चवळी व मका टाकून मिश्रण कोरडे होईपर्यंत परतावे. ओले खोबरे दोन चमचेच पुरे. खोबरेही स्निग्धच, हे आपण कोकणातली माणसे सोयीस्करपणे विसरतो. आंबटपणासाठी लिंबाऐवजी चमचाभर कोकमाचे आगळ घालावे, मात्र त्यात आधीच मीठ असते, म्हणून मीठ शेवटी चाखूनच घालावे.

मेक्सिकन चवीसाठी ओरेगॅनोची (सुक्या सुगंधी पानांची) पुडी आणू नये. परसात पानओवा असेल तर त्याची तीन-चार पाने बारीक चिरून घालावीत. त्याचा वास ओरेगॅनोच्या इतका जवळचा असतो की मुलाला फरक कळणार नाही. दोहोंतली सुगंधी द्रव्ये बरीचशी सारखी आहेत.

सारण पूर्ण गार झाल्यावरच मिरच्या भराव्यात, लोखंडी तवा चांगला तापवून तेलाचा हात फिरवावा आणि झाकण न ठेवता दोन्ही बाजूंनी दोन-दोन मिनिटे शेकाव्यात. चवळी आणि मक्यातही पिष्ट असते, म्हणून सोबत भाकरी किंवा भात असेल तर सासऱ्यांच्या ताटात तो तेवढ्या प्रमाणात कमी वाढावा. चीज हवेच असेल तर मुलाच्या वाट्याच्या मिरच्यांवर, त्या तव्यावरून उतरवल्यावर किसून घालावे.