बनावट हक्कसोडपत्र आणि आरोपीचा जामीन

प्रश्न : वडिलांच्या पश्चात शेतजमिनीत माझा वारस म्हणून हिस्सा होता. सख्ख्या भावाने माझ्या जागी दुसरीच बाई दुय्यम निबंधकांसमोर उभी करून माझ्या नावाचे हक्कसोडपत्र नोंदवून घेतले आणि त्यावरून फेरफारही करून घेतला. पोलिसांनी भारतीय न्याय संहितेच्या कलम ३१८(४), ३१९(२), ३३६(३), ३३८ व ३४०(२) अन्वये गुन्हा नोंदवून त्याला अटक केली. ती बाई अद्याप सापडलेली नाही. तरीही दोषारोपपत्र दाखल होण्यापूर्वीच सत्र न्यायालयाने भावाला जामीन दिला. जन्मठेपेपर्यंत शिक्षा असलेल्या गुन्ह्यात हे कसे घडते? न्यायालयाला माझी फिर्याद खोटी वाटली काय? (एक वाचक भगिनी, सातारा जिल्हा)

उत्तर : आपली फिर्याद खोटी ठरलेली नाही. जामिनाच्या टप्प्यावर न्यायालय पुराव्याची छाननी करून निष्कर्ष काढत नाही. प्रथमदर्शनी गुन्हा दिसतो का, आरोपी फरार होईल का, साक्षीदारांवर दबाव आणील का आणि तपासासाठी त्याला कोठडीत ठेवण्याची खरोखर गरज उरली आहे का, एवढेच ते प्रामुख्याने पाहते. जामिनाच्या आदेशात गुणवत्तेविषयी एखादे वाक्य आलेच, तरी खटला चालवणाऱ्या न्यायाधीशांवर ते बंधनकारक नसते.

आपण उल्लेखिलेल्या कलमांपैकी जन्मठेपेची तरतूद फक्त कलम ३३८ मध्ये आहे. पूर्वीच्या भारतीय दंड संहितेतील कलम ४६७ ते हेच. मौल्यवान रोखा (कायदेशीर हक्क निर्माण करणारा किंवा सोडणारा दस्त), मृत्युपत्र इत्यादींच्या बनावटीसाठी जन्मठेप किंवा दहा वर्षांपर्यंत कारावास त्यात सांगितला आहे, आणि हक्क सोडल्याचा दस्त मौल्यवान रोख्यात मोडतो. मात्र फौजदारी प्रक्रियेचा कायदा असलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या पहिल्या अनुसूचीनुसार हा खटला प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांपुढे चालतो आणि त्यांना तीन वर्षांहून अधिक कारावास देण्याचा अधिकार नाही. कागदावरची कमाल शिक्षा आणि प्रत्यक्ष खटल्याचे स्वरूप यांतील हे अंतर बचाव पक्षाचे वकील हटकून मांडतात, आणि ते गैरलागू म्हणता येत नाही.

शिवाय बनावट दस्ताच्या प्रकरणातील मुख्य पुरावा कागदोपत्री असतो व तो बहुधा सरकारी ताब्यातच असतो. नोंदणी कायद्याच्या कलम ३२अ प्रमाणे दस्त करून देणाऱ्याचे छायाचित्र आणि बोटांचे ठसे दस्ताला जोडावे लागतात. आपल्या प्रकरणात तोतया बाईचा चेहरा व अंगठा दोन्ही दुय्यम निबंधकांच्या दप्तरी आहेत आणि ते भावाला पुसता येणार नाहीत. हस्ताक्षराच्या नमुन्यासाठीही कोठडी आवश्यक राहिलेली नाही, कारण भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३४९ नुसार अटक न झालेल्या व्यक्तीलाही नमुना देण्याचा आदेश दंडाधिकारी कारणे नोंदवून देऊ शकतात. टू-जी प्रकरणात बनावट दस्तऐवजाची कलमे लागलेली असतानाही सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०११ मध्ये आरोपींना जामीन दिला होता. मात्र तेथे दोषारोपपत्र दाखल झालेले होते, हा फरक ध्यानात घ्यावा.

त्या बाईचा शोध लागलेला नसताना जामीन देणे हा मात्र खरोखर वादाचा मुद्दा आहे. ती कोण, तिला कोणी आणले, दस्तावर ओळखदार म्हणून सह्या करणारे कोण, हे भावाच्या चौकशीतूनच उलगडण्याचा संभव अधिक. सरकारी वकिलांनी ही बाब न्यायालयापुढे मांडली होती का आणि आदेशात तिचा विचार झाला आहे का, हे आदेशाची प्रमाणित प्रत घेऊन प्रथम पाहावे. महत्त्वाची बाब विचारातच घेतली नसेल, तर तो आदेश उच्च न्यायालयात आव्हानित करता येतो. आदेश योग्य असून भावाने नंतर साक्षीदारांना धमकावले किंवा अटी मोडल्या, तर नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४८३(३) खाली जामीन रद्द करण्याचा अर्ज करावा लागतो. तो मार्ग वेगळा आहे आणि त्यासाठी ठोस, सबळ कारण लागते. फिर्यादीला जामिनाच्या सुनावणीत आपले म्हणणे मांडण्याचा अधिकार आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने लखीमपूर खेरी प्रकरणात २०२२ मध्ये स्पष्ट केले आहे.

एक व्यावहारिक सूचना. भाऊ तुरुंगात असता तरी जमीन आपोआप सुरक्षित झाली नसती. कुलमुखत्यारामार्फतही ती विकली जाऊ शकते. म्हणून हक्कसोडपत्र आपल्यावर बंधनकारक नसल्याचे ठरवून मागणारा दिवाणी दावा आणि विक्रीस मनाई करणारा अर्ज विनाविलंब दाखल करावा, दावा प्रलंबित असल्याची नोटीस दुय्यम निबंधक कार्यालयात नोंदवावी आणि फेरफाराविरुद्ध प्रांताधिकाऱ्यांकडे अपील करावे. दाव्याची मुदत दस्ताची माहिती झाल्यापासून तीन वर्षे धरून चालणे शहाणपणाचे.

प्रश्न : बनावट दस्ताच्या गुन्ह्यातील एका नातेवाइकासाठी मी जामीनदार राहिलो आहे. तो दोषी ठरला तर मला पैसे भरावे लागतील का? (एक वाचक, नाशिक)

उत्तर : नाही. जामीनदाराची हमी आरोपीने तारखांना हजर राहण्यापुरती असते. तो दोषी ठरला, तरी त्याचा दंड अथवा फसवणुकीची रक्कम आपल्याकडून वसूल होत नाही. तो गैरहजर राहिला तर मात्र भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४९१ प्रमाणे बंधपत्र जप्त होऊन त्यातील रकमेपर्यंत आपण जबाबदार ठरता. पुरेसे कारण दाखवल्यास न्यायालय ती रक्कम कमी करू शकते. यापूर्वी आपण आणखी कोणासाठी जामीन राहिला असाल, तर तसे न्यायालयापुढे घोषित करणे कलम ४८६ नुसार बंधनकारक आहे. नातेवाईक तारखा चुकवू लागल्याचे दिसताच कलम ४८९ खाली आपल्याला जामीनदारीतून मुक्त करण्याचा अर्ज दंडाधिकाऱ्यांकडे करावा. त्यावर न्यायालय आरोपीला हजर करण्यासाठी वॉरंट काढते, तो हजर झाल्यावर आपले बंधपत्र रद्द होते आणि त्याला दुसरा जामीनदार द्यावा लागतो.