भाऊबीज आणि हक्कसोडपत्र

प्रश्न : वडील गेल्यावर दादाने ‘नुसती सही कर’ म्हणत घराचं हक्कसोडपत्र नोंदवून घेतलं. आता तो दिसला की अंगाचा तिळपापड होतो. वहिनी म्हणते, मन मोठं कर. मी वाईट आहे का?

उत्तर : नाही. द्वेषात समोरच्याचं वाटोळं व्हावंसं वाटतं. तुमची हिशेब राहिल्याची सल आहे.

आधी कागद. दुय्यम निबंधक कार्यालयातून दस्ताची प्रमाणित नक्कल काढून दिवाणी वकिलाला दाखवा. फसवून घेतलेला दस्त रद्द करून मागायची मुदत फसवणूक कळल्यापासून ३ वर्षं असते. मनाच्या तयारीची वाट पाहण्यात ती निघून जाते.

मर्यादा स्वतःच्या वागण्याला घाला. ‘घराचा विषय काढू नकोस’ हे पाळणं दादाच्या हातात. ‘विषय निघाला की मी उठेन’ हे तुमच्या. एकदाच, शांतपणे सांगा. कारणं देत बसलात की वाद सुरू. सुरुवातीला तो जास्त टोचेल, आईला मध्ये घालेल. तेव्हा नमलात, तर जोर लावला की हिला हलवता येतं, एवढंच तो शिकेल.

भाऊबीजेला जायचं की नाही, हे दरवर्षी नव्याने ठरवा. वहिनींच्या सल्ल्याचं म्हणाल, तर त्या घरात त्याच राहतात!