जुना वेबकॅम आणि हरवलेली सीडी

प्रश्न : भिंगाभोवती सहा दिवे असलेला एक स्वस्त वेबकॅम मी विंडोज एक्सपीच्या काळात घेतला होता. त्याची सीडी हरवली आहे. मुलाने घेऊन दिलेल्या विंडोज ११ च्या संगणकाला तो जोडला, तर नावापुढे पिवळे उद्गारचिन्ह दिसते. ‘सर्व ड्रायव्हर मोफत’ म्हणणारा एक प्रोग्रॅम उतरवून घेतला, तर त्याने अनेक दोष दाखवून पैसे मागितले. पुण्यातल्या नातीशी बोलण्यासाठी सुरक्षित ड्रायव्हर कोठे मिळेल?
— एक निवृत्त शिक्षक, निपाणी

उत्तर : पैसे मागणारा तो प्रोग्रॅम आधी काढून टाका आणि विंडोज सिक्युरिटीने संपूर्ण तपासणी करून घ्या. ड्रायव्हर हा संगणकाच्या गाभ्यात शिरून काम करणारा प्रोग्रॅम असल्यामुळे तो अनोळखी हातून घेणे म्हणजे घराची किल्लीच परक्याला देण्यासारखे आहे.

कॅमेऱ्यावर छापलेल्या नावाला फारसा अर्थ नसतो, कारण एकाच चिपचे कॅमेरे कितीतरी नावांनी विकले गेले. खरी ओळख आतल्या क्रमांकात असते. डिव्हाइस मॅनेजरमध्ये त्या उद्गारचिन्हाच्या ओळीवर उजवी कळ दाबून प्रॉपर्टीज उघडा, डिटेल्स या भागात हार्डवेअर आयडीज निवडा आणि व्हीआयडी व पीआयडी या अक्षरांपुढची चार-चार चिन्हे जशीच्या तशी उतरवून घ्या. व्हीआयडी ०सी४५ असेल, तर आतली चिप बहुधा सोनिक्सची आहे. मात्र तेथे ‘डिस्क्रिप्टर रिक्वेस्ट फेल्ड’ असे शब्द दिसले, तर बिघाड वायरीत, खोबणीत किंवा खुद्द कॅमेऱ्यात असण्याचा संभव अधिक. मग ड्रायव्हर शोधत बसण्यात अर्थ नाही.

यूव्हीसी या सामाईक पद्धतीने चालणाऱ्या कॅमेऱ्यांना वेगळा ड्रायव्हर लागत नाही. एक्सपीच्या २००४ मधील दुसऱ्या सर्व्हिस पॅकपासून तो विंडोजमध्येच असतो. आपला कॅमेरा सीडी मागत होता, त्यावरून तो त्या पद्धतीचा नसावा. अशा वेळी मायक्रोसॉफ्टच्या अपडेट कॅटलॉगमध्ये तो क्रमांक घालून शोधावे आणि तेथे न मिळाल्यास चिप बनवणाऱ्या कंपनीच्या स्वतःच्या संकेतस्थळावर पाहावे. या दोन जागांपलीकडे मी जाणार नाही. विंडोज ११ केवळ ६४ बिटांची असल्यामुळे जुन्या सीडीतला ३२ बिटांचा ड्रायव्हर, सीडी सापडली तरी, चालणार नाही. ‘स्वाक्षरीची तपासणी (ड्रायव्हर खऱ्या निर्मात्याचाच आहे ना, ही विंडोजची पडताळणी) बंद करा, म्हणजे चालेल’ असा सल्ला कोणी दिला, तर तो मुळीच ऐकू नये. ती तपासणी आपल्याच रक्षणासाठी आहे.

गंमत अशी की, विंडोजने नाकारलेले असे पुष्कळ कॅमेरे लिनक्स या विंडोजऐवजी वापरता येणाऱ्या मोफत प्रणालीवर सहज चालतात, कारण सोनिक्स, व्हीमायक्रो यांसारख्या चिपांसाठीचे जीएसपीसीए ड्रायव्हर २००८ पासून लिनक्सच्या गाभ्यातच आहेत. पेनड्राइव्हवरून लिनक्स मिंट सुरू करून, संगणकात काहीही न बसवता, ही परीक्षा घेता येते. आपल्याकडे जुना संगणक अजून असेल, तर त्यावर ती जरूर करून पाहा. केवळ नातीशी बोलायचे असेल, तर मात्र एवढा खटाटोप मी करणार नाही. कोल्हापूरला किंवा बेळगावला जाणे होईल तेव्हा खोक्यावर ‘यूव्हीसी’ किंवा ‘ड्रायव्हरची गरज नाही’ असे लिहिलेला साधा कॅमेरा घ्यावा, आणि तोवर मोबाइलवरून बोलावे.