परवा म्हणजे नक्की कधी? सईला पत्र

प्रिय सई,

गोव्यात डिचोलीला पोचून चार दिवस झाले नाहीत तोच तुझ्या तीन तक्रारी आल्या. आजी "परवा" म्हणते तेव्हा तो दिवस होऊन गेलाय की यायचाय, ते कळत नाही. माझा भाऊ तुझा मामा आणि आत्याचे यजमानही मामा, मग हाक मारली की दोघंही वळतात. आणि बसच्या पाटीवर रोमी अक्षरांत "बिचोलिम" असताना घरातले सगळे डिचोली का म्हणतात? शेवटी विचारलंस, "मराठीत सगळं असं गोंधळाचं का?"

तिन्हींच्या मुळाशी एकच गोष्ट आहे आणि ती तू पायथॉन या प्रोग्रॅमिंगच्या भाषेत शिकली आहेस. एका यादीतल्या प्रत्येकाला दुसऱ्या यादीतलं काहीतरी नेमून द्यायचं, हे झालं मॅपिंग. मराठी माध्यमाच्या गणितात त्याला छान शब्द आहे, संगती. संगती 'एकास एक' असली तर गेल्या वाटेने परत येता येतं. अनेकांना मिळून एकच जोडीदार दिला की जाताना अडत नाही, परतताना दोन फाटे लागतात. मग कुठल्या फाट्याला वळायचं त्याची खूण भाषा दुसरीकडे ठेवते. तुला शोधायची आहे ती खूण.

आधी परवा. एक डिक्शनरी कर, म्हणजे प्रत्येक शब्दाला (किल्लीला) एक किंमत जोडणारी यादी: 'काल'ला उणे १, 'आज'ला ०, 'उद्या'ला १. आता 'परवा'ला उणे २ दे, आणि खालच्या ओळीत पुन्हा 'परवा'ला २ दे. चालवून बघ. पायथॉन हूं की चूं करणार नाही, पण उणे २ गायब झालेलं असेल. एका किल्लीला एकच किंमत मिळते, नंतरची आधीचीला पुसते आणि चूक दाखवतही नाही. (आकडे टाकताना इंग्रजी अंक वापर. अवतरणात लिहिलेल्या "२३"चं 'इंट', म्हणजे मजकुराचा आकडा करणारा आदेश, २३ करून देतो, पण थेट कोडमध्ये देवनागरी अंक लिहिलास तर पायथॉन अडून बसतो.) उपाय असा की 'परवा'ची किंमत म्हणून दोन आकड्यांची यादी ठेवायची आणि निवड क्रियापदावर सोपवायची. "परवा आले होते" म्हणजे उणे २. "परवा येणार" म्हणजे २. "परवा येते", "परवा जाऊया" हेही पुढचंच. पंचाईत होते ती क्रियापदच नसलं की. आजी कॅलेंडरसमोर उभी राहून नुसतं "परवा संकष्टी" म्हणाली, तर माणसालाही विचारावंच लागतं, "झाली की आहे?" तिथे तुझा प्रोग्रॅम अडला तर दोष तुझा नाही. 'तेरवा' हा शब्दही असाच दोन्हीकडे तीन दिवसांवर आहे, हल्ली फारसा ऐकू येत नाही.

दिवसांवरून आठवलं. काळ डोळ्यांना दिसत नाही म्हणून आपण त्याला जागेवर बसवतो: मागचा महिना, पुढचं वर्ष. डोक्यातलं हे मॅपिंग इतकं मुरलेलं असतं की ते मॅपिंग आहे हेच विसरायला होतं. रायबंदरच्या धक्क्यावर उभी राहिलीस तर मांडवीच्या अलीकडे रायबंदर, पलीकडे चोडण. फेरीबोटीतून पलीकडे उतरलीस की दोन्ही शब्दांनी जागा बदलल्या. काळात मात्र धक्का बदलता येत नाही, सगळे 'आज'वरच उभे. म्हणून "परीक्षेची तारीख अलीकडे घेतली" म्हणजे लवकर केली, "पुढे ढकलली" म्हणजे उशिरा. इंग्रजीत बुधवारची मीटिंग दोन दिवस 'फॉरवर्ड' केली म्हटलं, तर कोणी सोमवार समजतो, कोणी शुक्रवार. इथे मराठी जास्त चोख आहे असं माझं मत. "पुढच्या शनिवारी" मात्र मराठीतही घोळाचं. कोणी हा शनिवार धरतं, कोणी त्यानंतरचा. "येत्या शनिवारी" म्हणावं, वाद मिटतो.

आता मामा. बऱ्याच मराठी घरांत आईचा भाऊ मामा आणि आत्याचे यजमानही मामा. वडिलांचा भाऊ काका आणि मावशीचे यजमानही काका. (कुठे आतोबा, मावसोबाही म्हणतात.) हे आलं कसं ते बोट ठेवून दाखवते. कागदावर दोन घरं काढ. या घरातल्या बहीण-भावाची लग्नं त्या घरातल्या भाऊ-बहिणीशी झाली, जुन्या साट्यालोट्यासारखी, तर तुझी आत्या ज्याच्याशी लग्न करेल तो तुझ्या आईचा भाऊच, म्हणजे मामा. दोन भावांनी दोन बहिणी केल्या, तर मावशीचा नवरा तुझ्या वडिलांचा भाऊच, म्हणजे काका. तशी लग्नं आपल्याकडे झालेली नसली तरी नावांचा हिशेब त्या आकृतीत चपखल बसतो.

इंग्रजीतला 'अंकल' या सगळ्यांना एकाच डब्यात टाकतो. तो शब्द मराठीत आणायचा तर भाषांतर करणाऱ्याला आधी नातं शोधावं लागतं, आणि यंत्र ते न शोधता सरळ 'काका' ठोकून देतं. 'कझिन'चंही तेच: चुलत, आते, मामे, मावस, शिवाय भाऊ की बहीण, असे आठ पर्याय.

दोन मामा असले की हाक कशी मारायची याची सोय घराघरांत आहे. 'डिचोलीचे मामा', 'पेडण्याचे मामा'. डेटाबेस बनवणारे हेच करतात. एक रकाना पुरेसा वेगळा नसला की दोन रकाने मिळून किल्ली करतात. एकाच गावात दोन मामा निघाले तर तिसरा रकाना, बहुतेक वेळा नाव.

तिसरी तक्रार पाटीची. गोव्यातली पोर्तुगीज राजवट १९६१मध्ये संपली, स्पेलिंगं राहिली. ती मनमानी वाटतात, पण बरीचशी नियमाने झालेली आहेत. मधल्या 'ड'ला त्यांनी 'आर' लिहिलं: पेडणेचं पेर्नेम, मडगावचं मारगाव, चोडण आणि दिवाडीतही तेच. शब्दाच्या शेवटी अनुनासिक स्वर आला की 'एम' जोडला. कोंकणीत ते पेडणें, केपें, सांगें आहे, आणि तो 'एम' म्हणजे निव्वळ त्या टिंबाची खूण. पोर्तुगीज वाचणारा तिथे म् म्हणत नाही, नाकातून सूर काढतो. बाहेरून आलेला माणूस मात्र इंग्रजी पद्धतीने वाचून ओठ मिटतो आणि 'पेर्नेम' तयार होतं. पोर्तुगीजमध्ये 'एच'चा उच्चार नाही, म्हणून हणजूण आणि हरमल यांचा ह गेला, म्हापशातलाही गेला. 'गाव'चं शेपूट सगळीकडे एकसारखं आहे: साळगाव, आसगाव, ताळगाव, मुरगाव. रोमीत ते 'जीएओ', आणि पोर्तुगीजमध्ये त्यातल्या 'ए'वर नागमोडी रेघ असते, ती अनुनासिकाची. पाटी रंगवताना ती गळाली.

आता उलट्या दिशेने येऊन बघ. रोमी 'आर' दिसला की 'ड' वाचायचं असा नियम केलास तर हरमल आणि करंजाळे बिघडतील, कारण तिथला र मुळातच र आहे. गळलेला ह कुठे होता हेही स्पेलिंगवरून सांगता येत नाही. डिचोलीचा तर आरंभच तिकडे 'ब'ने होतो, तो 'ब' वरच्या एकाही नियमात बसत नाही. म्हणून फोनमधल्या नकाशात "पेडणे" टाकल्यावर ते सापडावं यासाठी नियम नव्हे, तक्ता लागतो: पेडणे, पेडणें, पेर्नेम, तिन्ही एकाच जागेकडे बोट दाखवणारे. असा तक्ता करताना नवशिके एक चूक हमखास करतात. ते एका स्पेलिंगला दुसरं स्पेलिंग जोडतात, दुसऱ्याला तिसरं, आणि मधला दुवा बदलला की साखळी तुटते. प्रत्येक नावाला जागेचा क्रमांक जोड. जागा एकच राहते, नावं हवी तेवढी वाढू देत.

अक्षरांचंही तसंच आहे, आणि हा भाग तू आज संध्याकाळी करून पाहू शकतेस. युनिकोड हा प्रत्येक अक्षराला क्रमांक देणारा तक्ता. क २३२५, ख २३२६, आपला ळ २३५५. आता 'दर्या' लिही, आजोबा समुद्राला म्हणतात तो. डोळ्यांना अक्षरं दोन. पायथॉनला लांबी विचार, पाच सांगेल: द २३४२, र २३५२, हलंत २३८१, य २३५१, काना २३६६. शब्द उलटा करायला सांगितलास तर काना सुरुवातीला येऊन टिंबांच्या वर्तुळाला लटकेल, कारण यंत्र क्रमांक उलटे करतं, अक्षरं नाही.

मग 'दऱ्या' लिही, डोंगरातल्या. फरक एकाच क्रमांकाचा, २३५२च्या जागी २३५३. खरी मेख पुढे आहे. हाच ऱ काही ठिकाणी २३५२ आणि त्याला नुक्ता (अक्षराखालचं टिंब) २३६४, असा दोन क्रमांकांनी लिहिलेला असतो. जुन्या मजकुरात तिसरी रीतही सापडते: साधा र, हलंत, आणि ८२०५ क्रमांकाचा न दिसणारा सांधा. पडद्यावर तिन्ही दऱ्या सारख्याच दिसतात, पण बरोबरीचं चिन्ह लावून विचारलंस तर उत्तर 'नाही' येतं, आणि शोधायला गेलीस तर समोर दिसणारा शब्द सापडत नाही. पायथॉनच्या 'युनिकोडडेटा'मधलं 'नॉर्मलाइझ', 'एनएफसी' या जोडून लिहिण्याच्या रूपात, पहिल्या दोन रीती एक करून देतं. तिसरी करत नाही. ती तुलाच शोधून बदलावी लागेल. मराठी मजकुरावर काही करायचं असेल तर पहिली पायरी हीच ठेव, शेवटची नको.

तुझी,
आई

ता. क. आजोबांनी बस पावणेआठची सांगितली तर ती ७:४५ला आहे, ८:४५ला नाही. पावणे म्हणजे पुढच्या आकड्यातून पाव वजा, सव्वा म्हणजे पाव अधिक, साडे म्हणजे अर्धा अधिक. फक्त साडेएक आणि साडेदोनच्या जागी दीड आणि अडीच. प्रोग्रॅम लिहिलास तर सव्वादोनशेला जप. आधी दोनात पाव मिळवायचा, मग शंभराने गुणायचं, २२५ येतात. दोनशेत पाव मिळवलास तर २००.२५ येतील, आणि त्या हिशेबाने बाजारात पैसे दिलेस तर कोणी घेणार नाही.